आर्ट डिपार्टमेंटमध्ये नवीन आहात? निदान या चुका तरी टाळा

दोन फिल्मवर प्रॉप्स (सेटवरच्या वस्तू) वाहिले की तिसऱ्या महिन्यात व्हिजिटिंग कार्डावर ‘प्रॉडक्शन डिझायनर’, म्हणजे अख्ख्या फिल्मचं दिसणं ठरवणारा, छापून येतं. छापा बापडे. पण सेटवर चार दिवसांत कळतं की स्क्रिप्ट वाचलीय का नुसते रेफरन्स फोटो गोळा केलेत.

सगळ्यात डोकं फिरवणारी चूक म्हणजे ‘जुनं दिसतंय ना, मग चालेल’. सदाशिव पेठेतल्या वाड्यात १९६५ सालच्या गोष्टीचं शूटिंग होतं. नायिकेला पत्र येतं, तिच्या हातातल्या पत्राचा क्लोजअप. असिस्टंट पोरानं जुन्या बाजारातून पिवळं पडलेलं, कडा झिजलेलं खरंखुरं आंतर्देशीय पत्र शोधून आणलं. स्वारी खूश. लेन्स लागली, लाइट झालं आणि मॉनिटरवर पत्त्याखाली पिनकोडच्या सहा चौकटी झळकल्या, आत ४११०३०. पिनकोड आला १५ ऑगस्ट १९७२ ला! पोरगं म्हणे, ‘सर, कोण बघतंय?’ अरे बाबा, अख्खा शॉटच त्या पत्राचा आहे. डायरेक्टर पत्राची मागची बाजू घ्यायला तयार होईना, नवीन पत्र तयार होईपर्यंत युनिटनं चहा प्यायला, आणि भाड्याचं मीटर चालूच.

यावर माझा उपाय अगदी कारकुनी आहे. काम सुरू होण्याआधी कपाटाच्या दारावर तारखांचा कागद चिकटवतो. १९५७ ला दशमान नाणी, १९६४ पर्यंत ‘नये पैसे’, १९६० ला महाराष्ट्र राज्य, १९७२ ला पिनकोड, गाड्यांच्या नंबराला एमएच त्याच्याही बऱ्याच नंतर. ज्यावर अक्षर किंवा आकडा आहे अशी प्रत्येक वस्तू (कॅलेंडर, पावती, दुकानाची पाटी, औषधाची बाटली) या कागदासमोर धरल्याशिवाय सेटवर जात नाही. आणि १९६५ च्या घरात सगळंच १९६५ चं नसतं. आजीची पितळी समई, आजोबांचं टेबल, लग्नातला ट्रंक हवाच.

दुसरी चूक एजिंगची, म्हणजे नवी वस्तू जुनी, वापरलेली दाखवण्याची. स्प्रे गन घेऊन चारही भिंती सारख्याच मळवतात आणि म्हणतात, झाला जुना वाडा. घर असं मळत नाही. देवळीच्या वरच्या कडेला निरांजनाची काजळी. बैठकीमागे, बसलेल्या माणसाच्या डोक्याच्या उंचीला, तेलाचा काळपट डाग. कडी सोडली की लोंबकळून दारावर घासते, तिथे रंग खरवडून अर्धगोल उमटलेला. पेंटरला ब्रश देण्याआधी मी त्या खोलीत बसून घेतो. घरातला म्हातारा कुठे टेकतो, पोरं हात कुठे पुसतात, हे ठरलं की डाग आपोआप जागेवर पडतात. तेवढा वेळ नसेल तर भिंत स्वच्छ ठेवा, खोट्या मळापेक्षा ते बरं.

पांढरं कापड थेट लावू नका, लाइटखाली डोळ्यात खुपतं. चहाच्या पाण्यातून काढा. रंग दुकानातल्या ट्यूबलाइटखाली पसंत करू नका, डीओपीच्या (सिनेमॅटोग्राफरच्या) लाइटमध्ये कॅमेऱ्यातून बघा. सेटची निदान एक भिंत सुटी ठेवा, नाहीतर कॅमेरा मागे जायला जागाच उरत नाही. टेप बरोबर ठेवा. ‘अंदाजे बारा फूट’ हे माप नव्हे.

थ्रीडी मॉडेलवाल्यांना एकच सांगतो, आधी पेन्सिल. प्रभात फिल्म कंपनीच्या पुण्यातल्या स्टुडिओत, म्हणजे आज जिथे एफटीआयआय ही फिल्म शिकवणारी संस्था आहे तिथे, कलादिग्दर्शक साहेबमामा फत्तेलाल सेट उभे करायचे. ते मुळात चित्रकार. कॉम्प्युटरवरची खोली नेहमी प्रशस्तच वाटते, कारण त्यात ट्रॉली, स्टँड आणि वीस माणसं नसतात.

आणि हिशोब. जुन्या बाजारात बिल मिळत नाही, तेव्हा व्हाउचरवर जागच्या जागी सही घ्या. महिन्यानं प्रॉडक्शनवाला पितळी तांब्याचं काय झालं विचारतो, तेव्हा ‘बुधवारी घेतला होता’ एवढ्यावर पैसे सुटत नाहीत.