गेममध्ये नाव बदललं तरी जुनंच दिसतंय? या चुका टाळा

गणपतीच्या आधीचा शनिवार, रात्रीचे साडेअकरा, परळहून भाच्याचा फोन. "मामा, नाव बदललं पण बदललंच नाही." दुसऱ्या दिवशी त्यांच्या मंडळाची मोबाइल गेमची टूर्नामेंट, चौघांनी नावापुढे एकच टॅग लावायचा असं ठरलेलं, तिघांचं झालं आणि ह्याच्या डोक्यावर अजून सहावीत असताना ठेवलेलं नाव लटकतंय (ते मी इथे लिहीत नाही, पोराची पण काही इज्जत आहे). रीनेम कार्ड (गेममध्ये नाव बदलायला लागतं ते) वापरलं, कार्ड गेलं, नाव तिथेच. आणि पठ्ठ्या वर म्हणतो, "आता गेम डिलीट करून परत टाकतो."

म्हटलं हात लावू नकोस. आधी सांग, जुनं नाव कोणाला दिसतंय?

"मला."

"आणि बाकीच्यांना?"

गप्प. विचारलंच नव्हतं. मग स्क्वॉडमधल्या, म्हणजे त्या चौघांतल्या, एकाला मेसेज टाकला तर त्याला गेला अर्धा तास नवीनच नाव दिसत होतं, म्हणजे नाव केव्हाच बदललेलं, फक्त ह्याच्याच फोनला पत्ता नव्हता. गेम मागे चालू राहतो तसा नाही, पूर्ण बंद करायला लावला, लॉगआउट, परत लॉगिन, झालं. दोन मिनिटांचं काम.

तर पहिली चूक हीच, कोणाला काय दिसतंय हे न विचारता दुरुस्तीला लागणं. सर्व्हरला तुमच्या नावाशी काही देणंघेणं नसतं, त्याच्यासाठी तुम्ही म्हणजे एक नंबर, यूआयडी म्हणतात तो, आणि नाव म्हणजे त्या नंबरवर चिकटवलेली चिठ्ठी. त्या चिठ्ठीच्या कॉप्या मात्र जागोजागी पडलेल्या असतात, तुमच्या फोनमध्ये, मित्रांच्या फ्रेंडलिस्टमध्ये, क्लॅनच्या म्हणजे तुमच्या गटाच्या यादीत, लीडरबोर्डवर म्हणजे स्कोअरच्या क्रमवारीत, जुन्या मॅचच्या हिस्टरीत, आणि त्यातली प्रत्येक कॉपी आपल्या सवडीने बदलते. एल्फिन्स्टन रोडचं प्रभादेवी २०१८ मध्ये झालं, आमचे बाबा अजून एल्फिन्स्टनच म्हणतात, आणि शहराचं मुंबई होऊन तीस वर्षं झाली तरी हायकोर्ट इंग्रजीत बॉम्बेच आहे. तसंच.

मग मित्राला नवीन नाव दिसत असेल तर काळजी सोडा, दोष तुमच्या फोनमधल्या जुन्या कॉपीचा. मॅच चालू असताना बदललं असेल तर ती मॅच संपू द्या, बऱ्याच गेममध्ये नाव एकदा लॉगिनला किंवा रूममध्ये शिरताना वाचतात आणि मग शेवटपर्यंत तेच धरून बसतात. लीडरबोर्डवर जुनं असेल तर एक-दोन मॅच खेळून बघा, काही ठिकाणी नवा स्कोअर गेल्याशिवाय तिथली ओळ हलतच नाही. जुन्या मॅचच्या हिस्टरीत मात्र जुनंच नाव राहिलं तर राहू द्या, त्याच्यामागे लागू नका. आणि मित्राला पण जुनंच दिसतंय, तर मग खरंच बदललेलं नाही, पुढे वाचा.

डिलीट मारायची घाई

ही सगळ्यात महाग चूक म्हणून जरा सविस्तर लिहितो. आमच्या बिल्डिंगमधल्या एका पोराने अशाच नावाच्या भानगडीत गेम उडवला, परत टाकला, उघडला तर लेव्हल एक. दीड वर्षाची मेहनत, स्किन्स (खेळातले कपडे-रंग), सगळं साफ. कारण तो गेस्ट म्हणून खेळत होता. गेस्ट अकाउंट ना ईमेलला बांधलेलं असतं ना नंबरला, त्याची किल्ली म्हणजे फोनमध्ये पडलेली एक फाइल, गेमबरोबर ती पण गेली की सर्व्हरवर तुमचं अकाउंट असूनही ते तुमचंच आहे हे सांगणार कसं? पोरगं दोन दिवस जेवलं नाही असं त्याची आई सांगत होती (दोन दिवस जरा जास्त झालं, पण एक वेळ तरी नक्की).

त्यामुळे नावाला हात लावायच्या आधी सेटिंगमध्ये जाऊन अकाउंट कशाला लिंक आहे ते बघा, नसेल तर गूगल, ॲपल, फेसबुक जे काय असेल त्याला लिंक करा, आणि यूआयडीचा स्क्रीनशॉट काढून स्वतःलाच व्हॉट्सॲप करून ठेवा. ॲन्ड्रॉइडवर दोन बटणं शेजारी-शेजारी असतात, क्लिअर कॅशे आणि क्लिअर डेटा, काही फोनवर दुसऱ्याला क्लिअर स्टोरेज म्हणतात. पहिलं बिनधास्त दाबा, तात्पुरत्या फाइली जातात बाकी काही नाही. दुसरं म्हणजे गेम आत्ताच नव्याने टाकल्यासारखा, गेस्टवाल्यांची तिथेच वाट लागते. आयफोनवर असं बटण नाही, तिथे ऑफलोड केलं तर डेटा राहतो, डिलीट केलं तर जातो.

एका दुकानाला तीन पाट्या

नाव बदलतच नाही म्हणणाऱ्या निम्म्या लोकांनी भलत्याच जागी बदललेलं असतं असा माझा अनुभव. लॉगिनचं नाव वेगळं, दाखवायचं नाव वेगळं, फोनवाल्याच्या गेम अकाउंटचं नाव आणखी वेगळं. स्टीममध्ये (कॉम्प्युटरवरच्या गेम्सचं दुकान) अकाउंट नेम म्हणजे लॉगिनचं, ते कधीच बदलत नाही, डोकं आपटलं तरी नाही, लोकांना दिसतं ते प्रोफाइल नेम आणि ते पाहिजे तेव्हा फुकट बदलता येतं. रोब्लॉक्समध्ये डिस्प्ले नेम फुकट, दर ७ दिवसांनी, पण युझरनेम बदलायला १,००० रोबक्स (गेममधलेच पैसे) लागतात, आणि पोरं डिस्प्ले नेम बदलून मित्राला सांगतात नवीन नावाने शोध, तो शोधतो युझरनेमने, मग सापडणार कुठून. फोर्टनाइट प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्सवर खेळत असाल तर एपिकच्या (फोर्टनाइटची कंपनी) साइटवर किती पण नाव बदला, मॅचमध्ये कन्सोलवालंच दिसतं. आणि गूगल प्ले गेम्समधलं नाव बदललं म्हणून त्याला जोडलेल्या गेममधलं बदलतं असं अजिबात नाही, बरेचसे गेम पहिल्या दिवशी तिथून नाव उचलतात आणि मग वळून बघत नाहीत.

प्लेस्टेशनचं तर असं होतं की एप्रिल २०१९ पर्यंत ऑनलाइन आयडी बदलायची सोयच नव्हती. आता पहिली वेळ फुकट आहे, पण जुन्या काही गेम्सना हे बदलणं झेपत नाही, तिथे जुनंच नाव चिकटून राहू शकतं, दोष तुमचा नाही. बुद्धिबळवाल्यांसाठी एक, लीचेस या साइटवर युझरनेम बदलता येत नाही, फक्त त्यातल्या अक्षरांचं कॅपिटल-स्मॉल एकदा बदलून मिळतं, तेव्हा ट्रबलशूटिंगच्या नादाला लागू नका, नवीन अकाउंट काढा.

दिवस मोजा

माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत एकदा बदललं की ३० दिवस थांबायचं, फोर्टनाइटमध्ये दोन आठवडे. फ्री फायर मॅक्समध्ये सरळ बदलायला ३९० डायमंड, क्लॅश ऑफ क्लॅन्समध्ये पहिली वेळ फुकट आणि मग जेम्स मोजायचे. फोनची तारीख पुढे ढकलून काही होत नाही, घड्याळ सर्व्हरचं चालतं, आणि ते जर यूटीसीवर, म्हणजे जागतिक प्रमाणवेळेवर, असेल तर तिथली रात्रीची बारा म्हणजे आपल्याकडची पहाटेची साडेपाच, तेव्हा बाराच्या ठोक्याला जागत बसू नका.

लोकलमध्ये रीनेम करू नका

हे माझं स्वतःचं. कुर्ल्याला चढलो, एक हात कडीला, दुसऱ्या हाताने नाव टाइप केलं, कन्फर्म दाबलं आणि नेटवर्कची एकच दांडी. चक्र फिरतंय फिरतंय, सायन आलं तरी फिरतंय, म्हटलं गेलं नसेल, परत दाबलं. घरी येऊन बघतो तर दोन कार्डं वजा. पहिलं नाव सर्व्हरला केव्हाच पोचलेलं, फक्त "झालं" हे उत्तर माझ्यापर्यंत आलं नव्हतं. चक्र फिरत राहिलं म्हणजे काम झालं नाही असा अर्थ होत नाही. गेम बंद करायचा, नीट नेट असेल तिथे उघडायचा, कार्डांचा आकडा बघायचा, कमी झालाय का? झाला असेल तर नाव बदललंय, बोट आवरा.

मराठीत नाव ठेवताय?

आता आपला खास विषय. आपल्याला वाटतं "ज्ञानेश्वर" म्हणजे चार अक्षरं, ज्ञा-ने-श्व-र. कॉम्प्युटर मोजतो ज, हलन्त, ञ, काना, न, मात्रा, श, हलन्त, व, र. दहा. आणि गेमवाल्याने मर्यादा बाइटमध्ये धरली असेल तर देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाचे तीन बाइट, म्हणजे तीस. इंग्रजी अक्षराला एक पुरतो. त्यामुळे बारा अक्षरांची मर्यादा लिहिलेली असते, तुमचं नाव चार अक्षरांचं असतं, आणि तरी ते जास्त लांब आहे म्हणतात. काही गेम तर बोलत पण नाहीत, गुपचूप कापतात, आठला कापलं तर उरतं "ज्ञानेश्", पाय मोडलेला श घेऊन पोरगं मैदानात. मी बघितलंय असं नाव, वाईट वाटतं.

दुसरं, कुऱ्हाड. अख्ख्या महाराष्ट्रात निदान शंभर जणांना हे नाव ठेवावंसं वाटलं असेल. त्यातला तो चंद्रकोरीसारखा र दोन तऱ्हांनी टाइप होतो, एक म्हणजे ऱ हे वेगळं अक्षर वापरून, दुसरं म्हणजे साधा र, हलन्त आणि मध्ये एक न दिसणारं जोडचिन्ह घालून. डोळ्याला दोन्ही सारखेच, मशीनला दोन वेगळी नावं. काही गेम न दिसणारी चिन्हं चालवूनच घेत नाहीत, मग एरर येते की चुकीचं कॅरेक्टर आहे, आणि तुम्ही शोधताय कुठलं कॅरेक्टर, सगळं तर बरोबर दिसतंय! कीबोर्ड बदलून टाइप करून बघा, बहुतेक वेळा सुटतं. नेटवरून कॉपी करून आणलेली ती नक्षीदार नावं, फुलापानांची, त्यात पण हाच झोल, आणि ज्या फोनमध्ये ती चिन्हं नाहीत तिथे तुमच्या नावाच्या जागी नुसते चौकोनी डबे दिसतात. माइनक्राफ्ट जावाला तर देवनागरी चालतच नाही, ३ ते १६ अक्षरं, इंग्रजी, आकडे आणि अंडरस्कोर, बस.

आणि सगळ्यात फालतू पण सगळ्यात जास्त वेळा होणारी गोष्ट म्हणजे कीबोर्डने सुचवलेला शब्द निवडला की तो शेवटी एक स्पेस टाकतो. ती दिसत नाही. बॅकस्पेस एकदा दाबून बघा, हसू नका.

हर्षित, रक्षित, दीक्षित, तुमच्यासाठी वेगळं. इंग्रजीत लिहिलं की शेवटची चार अक्षरं इंग्रजी शिवी होते, आणि शब्द कुठे सुरू होतो कुठे संपतो हे न बघता शोधणारा फिल्टर असेल तर तुमचं बारशाचं नाव त्याला घाण वाटतं. त्या चार अक्षरांच्या मध्ये एखादा आकडा टाकून बघा, स्वतःच्या आडनावासाठी सपोर्टशी भांडायचं असेल तर तेही करा, माझा पाठिंबा आहे.

माइनक्राफ्टवाल्यांनो थांबा

तुम्ही ज्या सर्व्हरवर खेळता तो ऑफलाइन मोडवर (म्हणजे अकाउंट खरं आहे का हे न तपासता) चालत असेल, मित्रामित्रांचे बरेचसे तसेच असतात, तर तिथे तुमचा आयडी नावावरूनच बनतो. नाव बदललं, नुसतं एक अक्षर कॅपिटल केलं तरी, तुम्ही नवीन माणूस. शिराल तर हातात काही नाही, अंगावर चिलखत नाही, उभे थेट सुरुवातीच्या जागी. घाबरू नका, जुनं नाव परत टाकलं की सगळं जागेवर असतं, आणि नवंच हवं असेल तर सर्व्हर चालवणाऱ्याला सांगा की खेळाडूंचा डेटा असलेल्या फोल्डरमधल्या जुन्या आयडीच्या फाइलला नव्या आयडीचं नाव दे. नेहमीच्या ऑनलाइन सर्व्हरवर हा त्रास नाही, तिथे आयडी कायम राहतो. लाँचरमध्ये जुनं नाव दिसत असेल तर लॉगआउट करून परत या.

"फुकट नाव बदलून देतो, यूआयडी आणि ओटीपी पाठव" असं सांगणाऱ्याबद्दल मी जास्त लिहीत नाही. ओटीपी दिला की नावच काय अकाउंटच बदललं समजा, आणि पैसे गेले असतील तर लगेच १९३० ला फोन लावा.

एवढं सगळं करून, चोवीस तास थांबून, मित्राला पण जुनंच दिसतंय आणि कार्ड मात्र गेलंय, तर सपोर्टला लिहा, पण "भावा नाव चेंज नाही होत" असं नको. यूआयडी, जुनं नाव, हवं असलेलं नाव, कुठल्या दिवशी किती वाजता दाबलं, कार्ड वजा झाल्याचा स्क्रीनशॉट, पैसे भरले असतील तर बिलाचा ऑर्डर नंबर, आणि गेमचं व्हर्जन. एकाच तक्रारीवर उत्तराची वाट बघा, रोज नवीन तिकीट म्हणजे नवी तक्रार टाकली की काही ठिकाणी तुम्ही रांगेत परत मागे जाता.

भाच्याचं नाव तर त्याच रात्री झालं होतं. सकाळी मंडपात गेला तर नावं नोंदवणाऱ्या दादाने शुक्रवारीच यादीची प्रिंट काढलेली, त्यात सहावीतलंच नाव, आणि माइकवरून तीन वेळा पुकारलं.