भिंगाचे प्रयोग करताना या चुका टाळा

बेळगाव, खानापूर, निपाणी भागातील मराठी शाळांत दहावीची मुले भिंगाची किरणाकृती बिनचूक काढतात, पण हातात भिंग दिले की पडद्यावर प्रतिमा मिळवताना अडतात. माझ्या मते याचे मूळ एका गैरसमजात आहे. आकृतीत काढलेले दोन-तीन किरण म्हणजेच सगळा प्रकाश, असे ती धरून चालतात. प्रत्यक्षात मेणबत्तीच्या ज्योतीच्या प्रत्येक बिंदूपासून निघालेले असंख्य किरण भिंगाच्या संपूर्ण पृष्ठभागावर पडतात आणि बहिर्वक्र भिंग त्या सर्वांना वळवून पुन्हा एका बिंदूत आणते. आपण त्यातले दोन-तीन निवडतो, ते केवळ त्यांची वाट काढणे सोपे असते म्हणून. त्यामुळे अर्धे भिंग काळ्या कागदाने झाकले तर प्रतिमाही अर्धी होईल, हे उत्तर चुकीचे आहे. उरलेल्या अर्ध्या भागातूनही प्रत्येक बिंदूचे किरण पोहोचतात. प्रतिमा पूर्णच मिळते, फक्त तिचा उजेड कमी होतो.

भिंग निवडतानाही घोटाळा होतो. कन्नडमध्ये भिंगाला ‘मसूर’ म्हणतात, बहिर्वक्राला ‘पीन मसूर’ आणि अंतर्वक्राला ‘निम्न मसूर’. मध्ये फुगीर आणि कडेला पातळ असा अख्खा मसूर ज्याने पाहिला आहे, त्याला हे नाव का पडले ते सांगावे लागत नाही. मात्र ही उपमा बहिर्वक्रालाच लागू पडते. अंतर्वक्र भिंग मध्ये पातळ असते. कडा धरून बोटांनी जाडी तपासून पाहावी.

सर्वांत जास्त वेळ वाया जातो तो अंतर न मोजल्यामुळे. दूरवरून येणारे समांतर किरण बहिर्वक्र भिंगातून गेल्यावर ज्या बिंदूत एकत्र येतात ती नाभी, आणि भिंगापासून तिचे अंतर म्हणजे नाभीय अंतर. मेणबत्ती आणि पडदा यांच्यातील अंतर नाभीय अंतराच्या चौपटीपेक्षा कमी असेल, तर भिंग मध्ये कुठेही सरकवले तरी पडद्यावर स्पष्ट प्रतिमा मिळणे शक्यच नसते. १० सेंटिमीटर नाभीय अंतराच्या भिंगाला किमान ४० सेंटिमीटर लागतात. घरी आजोबांचा वाचायचा चष्मा घेऊन प्रयोग करणारी मुले इथेच निराश होतात, कारण +२ क्रमांकाच्या भिंगाचे नाभीय अंतर ५० सेंटिमीटर असते आणि त्यासाठी पूर्ण २ मीटर जागा हवी. अभ्यासाचे टेबल त्याला पुरत नाही.

म्हणून आधी नाभीय अंतर काढावे. खोलीत अंधार करून एकच खिडकी उघडी ठेवावी आणि राजहंसगडासारख्या दूरच्या टेकडीची उलटी प्रतिमा समोरच्या कागदावर स्पष्ट करून घ्यावी. भिंग ते कागद हे अंतर म्हणजे जवळजवळ नाभीय अंतरच. समोरच्या बाकावरच्या मेणबत्तीने हे मोजू नये, कारण जवळच्या वस्तूची प्रतिमा नाभीच्या पलीकडे पडते. यासाठी सूर्य वापरायचा मोह मुलांना होतो, पण भिंगातून सूर्याकडे पाहिल्यास डोळ्याला कायमची इजा होऊ शकते, म्हणून तो मोह शिक्षकांनी आवरलाच पाहिजे.

गणितात चूक होते ती चिन्हांची. वस्तू भिंगाच्या डावीकडे ३० सेंटिमीटरवर असेल तर तिचे अंतर उणे ३० धरायचे असते. नाभीय अंतर १० असताना प्रतिमा १५ सेंटिमीटरवर येते. उणे चिन्ह विसरल्यास उत्तर ७.५ येते. हे उत्तर पाहताच शंका यायला हवी, कारण बहिर्वक्र भिंगासमोर ठेवलेल्या वस्तूची वास्तव, म्हणजे पडद्यावर घेता येणारी, प्रतिमा नाभीच्या आत कधीच तयार होत नाही.

अंतर्वक्र भिंगाने पडद्यावर प्रतिमा मिळत नाही, अशी तक्रार घेऊनही मुले येतात. त्यात त्यांची काही चूक नसते. या भिंगातून बाहेर पडलेले किरण फाकतात, एकत्र येत नाहीत. पडदा बाजूला ठेवून भिंगातूनच मेणबत्तीकडे पाहिले, की तिची लहान, सुलटी, आभासी प्रतिमा डोळ्याला दिसते.