बेसिनचा टपटपणारा नळ घरीच दुरुस्त केला

2 महिने बेसिनचा नळ कितीही आवळला तरी टपटप चालूच, रात्री तो आवाज अक्षरशः डोक्यात जायचा. शेवटी रविवारी खालचा अँगल कॉक (नळाकडे येणारं पाणी बंद करायचा छोटा व्हॉल्व्ह) बंद केला, नळ उघडून पाइपातलं पाणी काढलं, हँडलची टोपी काढून आतला स्क्रू सोडवला आणि पान्याने स्पिंडल (हँडलखालचा, पाणी चालू-बंद करणारा भाग) बाहेर. आमच्याकडे बोअरचं पाणी, त्यामुळे आतल्या सिरॅमिकच्या चकत्यांवर क्षार बसून चरे पडलेले. नवा स्पिंडल आणायला जुना हातात घेऊनच दुकानात जा बरं का, हँडल बसतं तिथले दाते जुळले नाहीत तर चक्कर फुकट, आणि डावी-उजवी फिरणारे वेगवेगळे येतात तेही बघून घ्या. नवा बसवताना आतली जागा व्हिनेगरने पुसली, आटे आधी हातानेच धरले, मग पान्याने जेमतेम आवळलं. आता एक थेंब नाही, खूप बरं वाटतंय!