गेम सुरू केला की कीबोर्डचे रंग आपोआप बदलतात? ते बंद कसं करायचं

हौसेने आरजीबी, म्हणजे हव्या त्या रंगात उजळणारा कीबोर्ड घेतला, डोळ्यांना बरा वाटेल असा एकच रंग लावून ठेवला, आणि गेम उघडला रे उघडला की तो रंग गायब. अर्धी बटणं काळी, चार बटणं लाल, मार बसला की सगळा कीबोर्ड लखलख करतोय आणि गेम बंद केला की परत गुपचूप जुना रंग. कीबोर्ड बिघडलेला नाहीये, व्हायरस पण नाहीये. गेमलाच लाईट चालवायची परवानगी दिलेली असते आणि बहुतेक कंपन्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये ती पहिल्यापासून चालूच येते, आपल्याला कोणी विचारत नाही. आपल्याला लाईट बंद करायची नाहीये, फक्त ही परवानगी काढून घ्यायची आहे. हा फरक आधी सांगतोय कारण बरेच जण वैतागून सॉफ्टवेअरच उडवून टाकतात, मग मॅक्रो (एका बटणावर बसवलेल्या आपल्या कमांड) जातात, स्वतःचा रंग जातो आणि कीबोर्डवर फॅक्टरीतलं इंद्रधनुष्य फिरत बसतं.

आधी थोडं समजून घ्या आत काय चालतं. कीबोर्डच्या कंपनीचं एक सॉफ्टवेअर मागे चालू असतं, लॉजिटेकचं जी हब, कोर्सेअरचं आयक्यू, रेझरचं सिनॅप्स, स्टीलसिरीजचं जीजी. हे सॉफ्टवेअर गेमसाठी एक दरवाजा उघडा ठेवतं, त्याला एसडीके म्हणतात. गेम त्या दरवाजातून सांगतो की हेल्थ कमी झाली, हे बटण लाल कर, आणि सॉफ्टवेअर तसं करतं. म्हणजे मध्ये तिघं आहेत, गेम, सॉफ्टवेअर, कीबोर्ड. गेममध्ये जाऊन बंद करायचं म्हटलं तर प्रत्येक गेममध्ये वेगळं शोधत बसावं लागतं, आणि कित्येक गेममध्ये तो पर्यायच नसतो. म्हणून मी तर म्हणेन मधल्यालाच पकडा, सॉफ्टवेअरला.

नक्की कोण करतंय ते आधी ओळखा

हे केल्याशिवाय पुढे जाऊ नका, नाहीतर चुकीचं बटण बंद करून बसाल आणि म्हणाल की काही फरकच पडत नाही.

गेम उघडल्यावर रंग एकदाच बदलला आणि मग खेळ संपेपर्यंत तसाच स्थिर राहिला, तर ते बहुतेक प्रोफाइलचं काम आहे. सॉफ्टवेअरने त्या गेमची वेगळी प्रोफाइल, म्हणजे रंग आणि बटणांच्या सेटिंग्जचा संच, बनवलेली असते, गेम समोर आला की ती लागते, गेम मिनिमाइज केला की जुनी परत. आणि रंग खेळाप्रमाणे हलत असेल, गोळ्या संपल्या की बदलतो, मेलात की बदलतो, तर ते एसडीकेचं काम. दोन्हीचे उपाय वेगळे.

तिसरा एक प्रकार आहे, त्यात गेमचा काहीच संबंध नसतो. स्वस्तातले बरेच कीबोर्ड आरजीबी म्हणून विकले जातात पण प्रत्यक्षात प्रत्येक पट्ट्याखाली ठरलेल्या रंगाचा दिवा असतो, सॉफ्टवेअर वगैरे काही नाही. इंदूरला सिल्व्हर मॉलमध्ये चक्कर मारा, असे कीबोर्ड ओळीने मांडलेले दिसतील. त्यांच्यावर गेम काहीच करू शकत नाही. त्यात लाईट बदलत असेल तर तो त्याचा स्वतःचा इफेक्ट आहे, बटण दाबलं की उजळणारा किंवा श्वासासारखा कमीजास्त होणारा, आणि गेममध्ये बटणं जास्त दाबली जातात म्हणून तेव्हाच लक्षात येतो. तिथे एफएन बटण धरून दिव्याचं चित्र असलेलं बटण दाबा, बऱ्याच मॉडेलमध्ये ते स्क्रोल लॉकवर असतं, एकेक दाबत गेलात की स्थिर रंगाचा मोड येतो. झालं तुमचं काम, बाकीचं वाचायची गरज नाही.

लॉजिटेक

यावर जरा जास्त लिहितो कारण आमच्या घरात हाच आहे. भाचा सुट्टीत रामबागेतल्या जुन्या घरी येतो, कॉम्प्युटर हॉलमध्ये, आजी पण तिथेच झोपते. जीटीए फाइव्हमध्ये पोलीस मागे लागले की लॉजिटेकचा आरजीबी कीबोर्ड लाल-निळा लखलखायला लागतो, हे गेममध्येच दिलेलं आहे, पोलिसांच्या गाडीवरच्या दिव्यांसारखं. दिवसा मजा वाटते. रात्री साडेबाराला अंधाऱ्या हॉलमध्ये अख्ख्या भिंतीवर रंगपंचमीची गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, निघाल्यासारखं होतं आणि आजी तिकडून ओरडते, "अरे बंद कर रे ते, कोणाला पकडायला आलेत?" भाचा म्हणतो मामा तुम्हीच काढा, मला सापडत नाही.

जी हब उघडा. आधी वरच्या कोपऱ्यातल्या गिअरमधून सॉफ्टवेअरच्या सेटिंग्ज बघा, मग कीबोर्डच्या चित्रावर क्लिक करून त्याच्या आतल्या गिअरमध्ये पण बघा. या दोन्हीपैकी एका जागी गेम आणि ॲप्सना लायटिंग चालवू द्यायचं की नाही असा टॉगल सापडतो, व्हर्जन बदललं की त्याची जागा इकडची तिकडे होते म्हणून दोन्ही सांगितल्या. तो बंद करा. हा सगळ्या गेमसाठी एकदम लागू होतो.

सगळ्या गेमसाठी नको, फक्त एकासाठी बंद करायचं असेल तर मुख्य पानावर 'गेम्स अँड ॲप्लिकेशन्स' आहे, त्यात तो गेम निवडा आणि 'इंटिग्रेशन्स' टॅब बघा. तिथे एलईडीचं इंटिग्रेशन दिसेल, तेवढंच बंद करा. आम्ही जीटीएपुरतं हेच केलं, कारण भाच्याला बाकीच्या गेममधले रंग हवे होते.

प्रोफाइलचा त्रास असेल तर त्याच 'गेम्स अँड ॲप्लिकेशन्स'मध्ये आपली नेहमीची प्रोफाइल पर्सिस्टंट करून टाका, म्हणजे कुठलाही गेम उघडला तरी तीच राहते. पण मग गेमप्रमाणे बदलणारे मॅक्रो पण बदलणार नाहीत, ते चालत असेल तरच करा. नाहीतर त्या गेमच्या प्रोफाइलमध्ये जाऊन लाइटसिंकमध्ये, म्हणजे लाईटच्या भागात, आपला रंग लावा, मॅक्रो तसेच राहतात.

जुना कीबोर्ड आणि जुनं लॉजिटेक गेमिंग सॉफ्टवेअर असेल तर आणखी सोपं. सेटिंग्जचा गिअर, जनरल टॅब, आणि तिथे 'अलाऊ गेम्स टू कंट्रोल इल्युमिनेशन' असा चौकोन आहे, त्यातली टिक काढा. इतकं स्पष्ट नाव नव्या सॉफ्टवेअरमध्ये कोणी का ठेवत नाही कळत नाही.

रेझर, कोर्सेअर, स्टीलसिरीज

रेझरमध्ये याला क्रोमा म्हणतात. सिनॅप्स ३ असेल तर त्यात क्रोमा कनेक्ट नावाचं मॉड्यूल असतं, त्याच्या ॲप्सच्या टॅबमध्ये ज्या ज्या गेमने कीबोर्डशी बोलायला सुरुवात केली त्यांची यादी असते, प्रत्येकासमोर टॉगल, आणि सगळ्यांसाठी मिळून एक मोठा टॉगल. नव्या सिनॅप्समध्ये क्रोमा वेगळं ॲप झालंय, यादी तिकडे शोधायची. तरीही एखादा गेम हट्टीपणा करत असेल तर विंडोजच्या सर्व्हिसेसमध्ये 'रेझर क्रोमा एसडीके सर्व्हिस' सापडेल, ती थांबवून बघा. थांबवल्यावर रंग शांत झाले तर चोर तोच. पण ती कायमची डिसेबल केली तर क्रोमावर चालणारं बाकीचं सगळं पण बंद पडेल, म्हणून तो उपाय शेवटचा.

कोर्सेअरच्या आयक्यूमध्ये सेटिंग्जमध्ये सॉफ्टवेअर आणि गेम्सचा भाग असतो, तिथे गेमप्रमाणे परवानगी काढता येते. जुन्या आयक्यूत 'एनेबल एसडीके' असा एकच सरळ पर्याय होता. आयक्यूमध्ये प्रोफाइल एखाद्या प्रोग्रामशी जोडता येते, ते पण तपासा, कधी कधी आपणच वर्षापूर्वी जोडून विसरलेलो असतो.

स्टीलसिरीजचं जरा वेगळं आहे. जीजीमध्ये इंजिन, त्यात ॲप्स, आणि तिथे काउंटर-स्ट्राइक, डोटा, डिस्कॉर्ड असं प्रत्येकाचं वेगळं कार्ड. नको ते बंद करा. पण काउंटर-स्ट्राइकच्या बाबतीत मागे काय होतं ते सांगण्यासारखं आहे. काउंटर-स्ट्राइक स्वतः कीबोर्डला हात लावतच नाही. तो गेम बनवणाऱ्या वाल्व्ह कंपनीने त्यात एक सोय दिली आहे, गेम स्टेट इंटिग्रेशन नावाची. गेमच्या कॉन्फिग फोल्डरमध्ये एक छोटी फाइल ठेवली की गेम हेल्थ, गोळ्या, राउंड ही माहिती त्या फाइलमध्ये लिहिलेल्या पत्त्यावर पाठवत राहतो, आणि तो पत्ता तुमच्याच कॉम्प्युटरवरचा असतो, जिथे सॉफ्टवेअर कान लावून बसलेलं असतं. ती माहिती घेऊन रंग बदलायचं काम सॉफ्टवेअर करतं.

त्यामुळे सॉफ्टवेअर काढून टाकलं तरी ती फाइल गेममध्ये पडून राहू शकते. बघायची असेल तर स्टीममध्ये गेमवर राईट क्लिक, मॅनेज, ब्राऊज लोकल फाइल्स, मग गेम, त्यात सीएसगो, त्यात सीएफजी. 'गेमस्टेट इंटिग्रेशन'ने नाव सुरू होणारी आणि पुढे कंपनीचं नाव असलेली फाइल शोधा. डिलीट न करता नाव बदला, अगदी शेवटी, '.सीएफजी'च्याही पुढे 'जुनी' काहीतरी जोडा, म्हणजे शेवटचं एक्स्टेंशन बदलेल आणि गेम ती वाचणार नाही. त्याच फोल्डरमध्ये दुसऱ्या ॲप्सच्या अशाच फाइल असू शकतात, स्कोअर दाखवणारे ओव्हरले वगैरे, त्यांना हात लावू नका. आणि आधी जीजीमध्ये बंद करून मगच फाइलकडे या, उलटं केलंत तर सॉफ्टवेअर ती फाइल परत बनवू शकतं.

विंडोज ११ ची स्वतःची ढवळाढवळ

हे कित्येकांना माहीतच नाही. सप्टेंबर २०२३ च्या अपडेटपासून विंडोज ११ मध्ये डायनॅमिक लायटिंग आलं, म्हणजे कंपनीच्या सॉफ्टवेअरशिवाय विंडोजच लाईट चालवतं. सगळे कीबोर्ड त्यात चालत नाहीत, कीबोर्डला तो स्टँडर्ड सपोर्ट करावा लागतो. सेटिंग्ज, पर्सनलायझेशन, डायनॅमिक लायटिंग. तिथे तुमचा कीबोर्ड दिसला तर समजा भानगड इथे पण असू शकते.

त्या पानावर एक टॉगल आहे, समोर उघडं असलेलं ॲप नेहमी लायटिंग चालवेल अशा अर्थाचा. 'समोर उघडं असलेलं ॲप' म्हणजे गेमच की! तो बंद करा. खाली बॅकग्राऊंडमध्ये कोणाचं आधी ऐकायचं याची यादी असते, तिथे आपल्या कीबोर्डचं सॉफ्टवेअर वर ओढून ठेवा. आणि सगळंच कंपनीच्या सॉफ्टवेअरवर सोडायचं असेल तर सर्वात वरचा, डायनॅमिक लायटिंग वापरायचं की नाही हा टॉगलच बंद करून टाका, मला तर तेच बरं वाटतं, दोन मालक असले की कीबोर्ड कोणाचंच नीट ऐकत नाही. दोन सॉफ्टवेअर एकदम लाईट चालवायला बघत असतील तर रंग फडफडतात, अडकतात, हे ओपनआरजीबी किंवा सिग्नलआरजीबी अशा सगळ्या कंपन्यांच्या लाईट एकत्र चालवणाऱ्या सॉफ्टवेअरसोबत कंपनीचं सॉफ्टवेअर पण चालू ठेवणाऱ्यांना चांगलंच माहीत असेल. दोनपैकी एकच ठेवा.

जाता जाता, 'गेम मोड' या नावाच्या मागे लागू नका. कीबोर्डवरचं गेम मोडचं बटण साधारणपणे विंडोज की लॉक करतं, आणि विंडोजच्या सेटिंग्जमधला गेम मोड गेमच्या परफॉर्मन्ससाठी आहे. लाईटशी दोघांचा काही संबंध नाही.

बदल केल्यावर

गेम चालू असताना टॉगल बदलला तर कधी कधी लगेच फरक दिसत नाही. गेम पूर्ण बंद करा, घड्याळाजवळच्या छोट्या आयकॉनवर राईट क्लिक करून सॉफ्टवेअरमधून पण बाहेर पडा, नुसतं क्रॉस दाबून ते बंद होत नाही, मागे चालूच राहतं. मग आधी सॉफ्टवेअर आणि नंतर गेम सुरू करा. मेनूमध्ये बघून खुश होऊ नका, एक मॅच खेळून बघा, मरून बघा, गोळ्या संपवून बघा, कारण बरेच इफेक्ट तेव्हाच लागतात.

कीबोर्डमध्ये ऑन-बोर्ड मेमरी, म्हणजे त्याची स्वतःची आतली मेमरी, असेल तर आपला स्थिर रंग तिच्यात सेव्ह करून ठेवा. मग सॉफ्टवेअर अजिबात न चालवता सुद्धा तोच रंग राहतो, लाईट गेली आणि परत आली तरी तोच, दुसऱ्याच्या कॉम्प्युटरला लावला तरी तोच. जी हबमध्ये ऑन-बोर्ड मेमरी मोड चालू केला की सॉफ्टवेअरच्या प्रोफाइल बाजूला पडतात आणि कीबोर्ड स्वतःच्या मेमरीवर चालतो, पण मग काही सेटिंग्ज जी हबमधून बदलता येत नाहीत, त्यासाठी मोड परत बंद करावा लागतो. मेमरीत किती आणि काय मावतं ते मॉडेलप्रमाणे वेगळं असतं, साधा स्थिर रंग बहुतेकांत बसतो.

ज्यांना लखलखाटाने डोकं दुखतं किंवा घरात कोणाला मायग्रेनचा त्रास आहे त्यांनी एकेका गेमचं बघत बसू नये, सगळ्यांसाठीचा मोठा टॉगलच बंद करावा आणि ब्राइटनेस पण खाली आणावा. आणि सॉफ्टवेअरचं मोठं अपडेट आलं किंवा नवीन गेम टाकला की एकदा यादी उघडून बघा, नवीन गेमचा टॉगल यादीत चालूच येऊ शकतो.