प्रॉडक्शन डिझाइनमध्ये येताय? आधी खोलीचं वय मोजायला शिका

सिनेमाचे सेट आखण्याच्या या कामात स्केचेस बघून तुम्हाला घेतील, टिकाल मात्र ब्रेकडाऊनवर, म्हणजे पटकथेतल्या प्रत्येक सीनला काय लागेल ते काढण्यावर. आणि ब्रेकडाऊनमधल्या एका खड्ड्याबद्दल मी जरा जास्तच बोलणार आहे, कारण त्यात मी पुरता पडलोय.

पटकथा वाचून आपण सेटची यादी करतो: स्वयंपाकघर, जिना, ऑफिस. पण कथेत तेच स्वयंपाकघर चारदा येतं. आधी नवं, मग वापरलेलं, आगीनंतर काळवंडलेलं, शेवटी रिकामं. यादीत सेट एक, प्रत्यक्षात अवस्था चार. त्यात शूटिंग कथेच्या क्रमाने होत नाही. नटाच्या तारखा तशाच मिळाल्या की आगीनंतरचा सीन सोमवारी लागतो आणि नव्या घराचा मंगळवारी. काजळी चढवलेली भिंत एका रात्रीत कोरी कशी करणार? एजिंग (सेट जुना, वापरलेला दिसेल असा करणं) पुढे नेता येतं, मागे नाही. म्हणून प्रत्येक सीनसमोर ‘कथेतला दिवस’ आणि ‘खोलीची अवस्था’ हे दोन रकाने हवेतच. रंगाचा डबा उघडण्याआधी ते घेऊन फर्स्ट एडीकडे (शूटिंगचं वेळापत्रक ठरवणाऱ्या पहिल्या सहायक दिग्दर्शकाकडे) जा. क्रम बदलत नसेल तर जळक्या भिंतींचे फ्लॅट (उभे करायचे हलके भिंत-पॅनेल) वेगळे करा. त्यांचा खर्च पहिल्याच बजेटमध्ये धरा. ऐनवेळी मागितलात तर निर्माता चिडेल, आणि त्याचं काही चुकत नाही.

इंटरनेटवरचे फोटो चिकटवून मूडबोर्ड करणं म्हणजे डिझाइन नव्हे. कुठली लेन्स लागणार ते न विचारता काढलेला प्लॅनही अर्धवटच. मोठ्या नावाचा गुरू शोधत वर्षं घालवू नका. सेट बांधणाऱ्या सुतारांसोबत काढलेला एक सिनेमा जास्त शिकवतो. (फक्त झेरॉक्स काढायला ठेवणारा गुरू नसलेलाच बरा.)

ड्राफ्ट्समन (सेटचे नकाशे काढणारा) म्हणून सुरुवात करावी लागली तर कमीपणा मानू नका. जेम्स बाँडपटांचे सेट करणारे केन अ‍ॅडम तसेच आत शिरले होते. पदांच्या नावांचा गोंधळही मनाला लावून घेऊ नका. ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे श्रेय १९३९ मध्ये ‘गॉन विथ द विंड’साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांना मिळालं, तरी ऑस्करच्या विभागाचं नाव २०१२ पर्यंत ‘आर्ट डायरेक्शन’च होतं. कामं मिळायला वेळ लागतो, मधे रिकामे महिने जातात. ते सगळ्यांचेच जातात.

आणि सेट तोडायच्या आधी परवानगी घेऊन फोटो काढा, प्रत्येक अवस्थेचे. पुढच्या मुलाखतीत तेच दाखवायचे आहेत.