एकच पोट्टं अख्खा वर्ग चालवत असंल तर
झेडपीच्या शाळेत पाचवीला शिकवतो, अन् दरवर्षी एखादं पोट्टं असं भेटतेच की प्रश्न पुरा व्हायच्या आधीच "सर मी सांगू, मी सांगू" करते. ते नुसतं उतावीळ असते, त्याला दादागिरी म्हणू नका. दादागिरी ओळखायची असंल तर ज्याच्यावर शंका आहे त्या पोट्ट्याकडे नाई, बाकीच्यांकडे पहा. पोरं उत्तर द्यायच्या आधी त्याच्या तोंडाकडे पाहतात का, खिचडीच्या लाइनीत कोणी न बोलता बाजूला सरकते का, कबड्डीचे गडी कोण वाटते. माझ्या वर्गात एकाचं केळ रोज दुसऱ्याच्या ताटात जायचं, मले दोन आठवडे दिसलंच नाई बाप्पा!

मंग करायचं काय, तर प्रश्न विचारला की तीन-चार सेकंद गप्प रहा अन् मंग चिठ्ठी काढून नाव घ्या. मॉनिटर दर सोमवारी बदला. सगळ्यांसमोर झापू नका, त्याला प्रेक्षकच पाहिजे असतात, सुट्टीत एकट्याला बोलवून जे पाहिलं तेवढंच सांगा. मारणं तर शिक्षण हक्क कायद्याच्या (आरटीई 2009) कलम 17 नं बंदच आहे, अन् तसंही मारलं तर मोठ्यानं लहान्याला दाबायचं हेच शिकते ते. कापूस वेचणीच्या दिवसांत जास्तच चिडचिड करत असंल तर घरी काय चाललंय ते एकदा विचारा.