बाराबोर बंदुकीचा चोक: निवड आणि कागदावरची परीक्षा

बाराबोर बंदुकीच्या नळीवर किंवा चोकवर, म्हणजे नळीच्या तोंडाशी छर्रे आवळणाऱ्या भागावर, ‘फुल’ अथवा ‘हाफ’ असे कोरलेले असते, तो बनवणाऱ्याचा अंदाज असतो. ती नळी, तो चोक आणि ते काडतूस एकत्र आल्यावर छर्रे प्रत्यक्षात कसे पसरतात, हे कागदावर बार काढून मोजल्याशिवाय कळत नाही. सोलापूरकडच्या मंडळींना हा प्रश्न दोन निमित्तांनी पडतो. काही जण परवान्याची बंदूक घेऊन मातीच्या तबकड्यांवरच्या ट्रॅप किंवा स्कीट नेमबाजीकडे वळलेले असतात. काहींचा मुलगा, भाचा किंवा पुतण्या अमेरिकेत स्थायिक झालेला असतो आणि तिथल्या वसंतातील टर्की या जंगली पक्ष्याच्या शिकारीच्या हंगामासाठी बंदूक घेताना कोणता चोक घ्यावा, असे फोनवरून विचारत असतो. चाचणीची रीत दोघांना एकच आहे, निवडीचे उत्तर मात्र वेगवेगळे आहे.

आधी कायद्याचे सांगतो. जंगली टर्की हा उत्तर अमेरिकेतला पक्षी आहे आणि आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमाने शिकारीवर बंदी घातलेली आहे. नान्नजच्या माळावर माळढोकासाठी अभयारण्य राखणाऱ्या जिल्ह्यात हे अधिक विस्ताराने सांगण्याची गरज नसावी. टर्कीविषयी पुढे जे लिहिले आहे, ते तिकडचा शिकार परवाना काढून तिकडच्या नियमांत राहणाऱ्यांपुरतेच आहे. चोकची चाचणी इकडे करायची असेल, तर ती मान्यताप्राप्त रेंजवरच करावी. स्वतःच्या मालकीचे असले, तरी ज्वारी निघाल्यावर मोकळे पडलेले रान हे बार काढण्याचे ठिकाण नव्हे. परवान्यावरच्या अटींविषयी शंका असेल, तर शहरात पोलिस आयुक्तालयात आणि ग्रामीण भागात जिल्हाधिकारी कार्यालयात चौकशी करावी.

चोक म्हणजे नळीच्या तोंडाशी केलेला आकुंचित भाग होय. बागेला पाणी घालताना नळाच्या तोंडावर अंगठा दाबला की धार जशी बदलते, तसा तो छर्ऱ्यांचा लोंढा आवळतो. इंग्लंडमधील न्यूकॅसलचे बंदूककार पेप यांनी १८६६ मध्ये या कल्पनेचे पेटंट घेतले. बाराबोर नळीचा आतला व्यास नाममात्र १८.५ मिलिमीटर धरला जातो, आणि तोंडाशी तो किती कमी होतो यावरून चोकची नावे ठरतात. काहीच आकुंचन नसेल तर सिलिंडर, पाव मिलिमीटर असेल तर क्वार्टर किंवा इम्प्रूव्ह्ड सिलिंडर, अर्धा मिलिमीटर असेल तर हाफ किंवा मॉडिफाइड, पाऊण असेल तर थ्री-क्वार्टर किंवा इम्प्रूव्ह्ड मॉडिफाइड आणि एक मिलिमीटरच्या आसपास असेल तर फुल, अशी ही ढोबळ श्रेणी आहे. टर्कीसाठीचे खास चोक त्याही पलीकडे जातात. त्यांवर ०.६६५ किंवा ०.६६० असे आकडे असतात, आणि ते आकुंचनाचे नसून तोंडाच्या व्यासाचे, इंचांतले असतात. ०.६६५ इंच म्हणजे सुमारे १६.९ मिलिमीटर. हा चोक १८.५ मिलिमीटरच्या नळीत बसवला तर आकुंचन १.६ मिलिमीटर होते, आणि काही आधुनिक बंदुकांसारखी १८.८ मिलिमीटरची रुंद नळी असेल तर तेच १.९ मिलिमीटर होते. एकाच आकड्याचा चोक दोन मित्रांच्या बंदुकांत वेगळा वागतो, त्याचे एक कारण हे आहे.

आपल्याकडच्या जुन्या दुनळी बंदुकांत चोक बहुधा नळीतच घडवलेला असतो आणि तो बदलता येत नाही. शेजारी-शेजारी नळ्या असलेल्या बंदुकीत सामान्यतः उजवी नळी मोकळी आणि डावी आवळ असते. पुढचा घोडा (ट्रिगर) उजव्या नळीचा असतो, तो आधी ओढावा अशी त्यामागची योजना आहे. अशा बंदुकीच्या मालकाला चोक निवडता येत नाही, काडतूस मात्र निवडता येते, आणि फैलावात त्यानेही बराच फरक पडतो. नळी कानशीने किंवा लेथवर ‘मोकळी’ करून देणाऱ्यांच्या नादी मात्र कोणीही लागू नये.

पेचाचा सुटा चोक असेल, तर तो त्याच बंदुकीच्या पेचाचा आहे याची खात्री करावी, कारण निरनिराळ्या कंपन्यांचे पेच एकमेकांत बसतातच असे नाही आणि अर्धवट बसलेला चोक नळीचे तोंड फाडू शकतो. चोक न बसवता बार काढू नये, कारण त्यामुळे पेच खराब होतात. पुष्कळ चोकांच्या कडेवर खाचा असतात. प्रचलित पद्धतीत एक खाच म्हणजे फुल, तीन म्हणजे मॉडिफाइड आणि पाच म्हणजे सिलिंडर, म्हणजे खाचा जितक्या जास्त तितका चोक मोकळा. चोक बसवताना, काढताना किंवा तपासताना बंदूक रिकामी आहे हे डोळ्यांनी आणि बोटाने दोन्हींनी पाहावे.

काडतुसाकडे वळण्यापूर्वी चेंबरची, म्हणजे नळीत काडतूस बसते त्या भागाची, लांबी पाहणे अत्यावश्यक आहे. जुन्या बंदुकांचे चेंबर पुष्कळदा ६५ मिलिमीटरचे असतात, तर हल्लीची काडतुसे ७० मिलिमीटरची असतात. ही लांबी बार झाल्यानंतर उलगडलेल्या काडतुसाची असल्यामुळे ७० चे काडतूस ६५ च्या चेंबरात सहज बसते आणि बंदूक मिटतेही. बार होताना मात्र त्याचे तोंड पूर्ण उलगडायला जागा उरत नाही आणि दाब धोकादायक प्रमाणात वाढतो. ‘बसते म्हणजे चालते’ हा समज इथे जिवावर बेतू शकतो. जुनी बंदूक जाणत्या बंदूककाराकडून तपासून घेतल्याशिवाय या लेखातले पुढचे काहीही करू नये.

आता कोणाला काय लागते ते पाहू. ट्रॅपमध्ये ११० मिलिमीटर व्यासाची तबकडी नेमबाजापासून लांब पळत असते, त्यामुळे पहिल्या नळीला थ्री-क्वार्टर आणि दुसऱ्या नळीला फुल ही जोडी रूढ आहे. स्कीटमध्ये तबकडी जवळून आडवी जाते, तिथे जवळजवळ सिलिंडर इतका मोकळा चोक हवा. टर्कीचे गणित निराळेच आहे. नेम शरीरावर नसून डोके आणि मान एवढ्या लहान भागावर धरायचा असतो, कारण पिसांनी आणि स्नायूंनी झाकलेल्या धडावर छर्रे लागले तर पक्षी जखमी होऊन निसटतो. म्हणून दाट आणि सलग फैलाव हवा, आणि म्हणूनच तिथे फुल किंवा त्याहून आवळ चोक वापरतात. छर्रे शिशाचे असतील तर अमेरिकी मापाचे ४, ५ किंवा ६ नंबर चालतात. टंगस्टनचे छर्रे शिशाच्या दीडपटीहून जड असल्यामुळे ते ९ नंबरइतके बारीक असूनही आत शिरतात आणि एका काडतुसात संख्येने खूप जास्त मावतात. छर्ऱ्यांच्या आकारावर आणि काही ठिकाणी शिशावर बंधने असतात, ती त्या-त्या राज्याच्या नियमपुस्तिकेत पाहावीत. इंग्रजी आणि अमेरिकी नंबर सारखे नसतात, हेही ध्यानात ठेवावे. अमेरिकी ६ नंबरचा छर्रा सुमारे २.८ मिलिमीटरचा असतो, तर इंग्रजी ६ नंबरचा २.६ मिलिमीटरचा. पोलादी किंवा टंगस्टनचे छर्रे कोणत्या चोकमधून चालतील, हे चोक बनवणाऱ्याच्या सूचनेवरूनच ठरवावे, आणि अतिआवळ चोकमधून अखंड गोळी कधीही सोडू नये.

चाचणीसाठी किमान चार फूट रुंद आणि तितकाच उंच कागद लागतो. सोलापुरात त्याची अडचण पडू नये, कारण गणवेश शिवणाऱ्या कारखान्यांत कापड बेतण्यासाठी कागदाचे रुंद रोल वापरतात आणि त्यांतला उरलेला तुकडा मागितल्यास मिळून जातो. कागद लाकडी चौकटीवर ताणून लावावा, मधोमध मुठीएवढा काळा ठिपका काढावा आणि प्रत्येक बारासाठी नवा कागद घ्यावा. एकाच कागदावर दोन बार काढले तर ती चाचणी वाया गेली असे समजावे. उन्हाळ्यात हे काम वारा उठण्याच्या आत, सकाळीच उरकलेले बरे, आणि काडतुसांचा डबा तापलेल्या गाडीत न ठेवता सावलीत ठेवावा. डोळ्यांना चष्मा आणि कानांना संरक्षण हवेच.

पहिल्या टप्प्यात चोक पारखायचा नसतो. बंदूक जिथे पाहते तिथेच मारते का, हे आधी पाहायचे असते. त्यासाठी साधी, हलक्या भाराची काडतुसे घेऊन, टेकू देऊन, वीस यार्डांवरून म्हणजे सुमारे अठरा मीटरवरून ठिपक्यावर शांतपणे नेम धरून तीन बार काढावेत. तिन्ही कागदांवर दाटीचा मध्य एकाच बाजूला सरकलेला दिसला, तर दोष फैलावाचा नाही. तो दस्त्याच्या मापाचा, माशीचा (नळीवरच्या नेम धरायच्या खुणेचा) किंवा गाल टेकवण्याच्या सवयीचा आहे, आणि आधी तो दूर करावा लागेल. टर्कीचे भारी काडतूस खांद्याला जबर धक्का देते आणि महागही असते, म्हणून ते या टप्प्यात वापरू नये.

दुसऱ्या टप्प्यात ज्या काडतुसाने खरे काम करायचे आहे तेच घ्यावे आणि अंतर चाळीस यार्ड, म्हणजे साडेछत्तीस मीटर, टेपने मोजावे. पावलांनी मोजलेल्या अंतरावर माझा तरी विश्वास नाही. तबकडीच्या नेमबाजाने बार झाल्यावर जिथे छर्रे सर्वांत दाट पडले आहेत तो भाग मध्ये धरून ७६ सेंटिमीटर व्यासाचे वर्तुळ काढावे आणि आतली भोके मोजावीत. मोजलेल्या भोकावर पेन्सिलची खूण करत गेल्यास घोटाळा होत नाही. वर्तुळात एकूण छर्ऱ्यांच्या चाळीस टक्के पडले तर तो सिलिंडर, साठ टक्के पडले तर हाफ आणि सत्तर टक्के पडले तर फुल, अशी जुनी मान्य मोजपट्टी आहे. २४ ग्रॅमच्या काडतुसात २.४ मिलिमीटरचे छर्रे साधारण ३०० असतात. वर्तुळात १९५ सापडले, तर प्रमाण ६५ टक्के, म्हणजे थ्री-क्वार्टर झाले, मग चोकवर काहीही कोरलेले असो.

टर्कीसाठी वर्तुळ २५ सेंटिमीटरचे, म्हणजे दहा इंचांचे असते, आणि ते दाटीभोवती न काढता नेमाच्या ठिपक्याभोवती काढायचे असते. हा फरक पुष्कळांच्या लक्षात येत नाही. दाटी कितीही सुरेख असली आणि ती नेमापासून वीतभर डावीकडे असली, तर पक्ष्याच्या दृष्टीने तो बार चुकलेलाच असतो. या लहान वर्तुळात शंभर छर्रे पडावेत, असा तिकडच्या शिकाऱ्यांचा सर्वसाधारण निकष आहे. संख्येइतकेच मोकळ्या जागांकडेही पाहावे. पक्ष्याच्या डोक्याचा आणि मानेचा प्रत्यक्ष मापाचा आकार पुठ्ठ्यातून कापून तो वर्तुळात फिरवावा, आणि एकही छर्रा न लागता तो कुठे बसतो का ते पाहावे.

एका बारावरून निर्णय करू नये, कारण त्याच डब्यातल्या दोन काडतुसांतही फरक पडतो. चोक आणि काडतूस यांच्या प्रत्येक जोडीचे निदान तीन आणि जमल्यास पाच कागद घेऊन सरासरी काढावी, आणि सरासरीइतकेच महत्त्व सर्वांत वाईट कागदाला द्यावे. अधिक आवळ चोक म्हणजे अधिक दाट फैलाव, हे एका मर्यादेपर्यंतच खरे आहे. त्यापुढे मऊ शिशाचे छर्रे चेपतात, वाकडे उडतात, आणि कागदावर मध्ये विरळ आणि कडेला दाट असे कडे उमटते. असे दिसले, तर एक पायरी मोकळा चोक लावून पाहावा; दाटी पुष्कळदा सुधारते.

टर्कीवाल्यांनी त्याच जोडीने वीस आणि तीस यार्डांवरही एकेक कागद लावून पाहावा. वीस यार्डांवर अतिआवळ चोकचा फैलाव इतका लहान होतो की नेमात थोडी चूक झाली तरी पक्षी साफ सुटतो, आणि अंगणाएवढ्या अंतरावर येऊन उभा राहिलेला नर अशा रीतीने हुकणे काही अपूर्वाईचे नाही. ज्या सर्वांत लांबच्या अंतरावर प्रत्येक कागदावर शंभर छर्रे भरले, ती आपली मर्यादा समजावी, मग काडतुसाच्या डब्यावर काहीही छापलेले असो.

प्रत्येक कागदाच्या कोपऱ्यात तारीख, नळी, चोक, काडतुसाचा प्रकार आणि त्याचा बॅच क्रमांक, अंतर आणि हवेचे तापमान लिहावे. थंड हवा दाट असते आणि तिच्यात फैलाव थोडा सैल होतो, त्यामुळे मे महिन्यात घेतलेल्या नोंदीवरून गारठ्यातल्या पहाटेचा अंदाज बांधू नये. काम झाल्यावर चोक काढून पेच पुसावेत, किंचित ग्रीस लावून तो पुन्हा घट्ट बसवावा, आणि शिशाची काडतुसे हाताळलेले हात जेवणाआधी साबणाने धुवावेत. काडतुसाचा बॅच बदलला, माशी किंवा दुर्बीण बदलली किंवा चोक नवा घेतला, तर जुने कागद बाजूला ठेवून वीस यार्डांपासून पुन्हा सुरुवात करावी.